शांताबाईंनी स्वतः लिहिलं म्हणून कळलं

मा. सांस्कृतिक कार्यमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

सप्रेम नमस्कार.

‘कशाला उद्याची बात’ हे गाणं आपल्याही कानावर असेल. १९३९ सालच्या प्रभातच्या ‘माणूस’ या चित्रपटातलं. दिग्दर्शक व्ही. शांतारामांचं नाव शाळकरी मुलंही सांगतात. पण त्यातली नायिका मैना कोणी केली, असं विचारलं तर चांगले वाचणारे लोकही गप्प होतात.

ती शांता हुबळीकर. हुबळीजवळच्या अदरगुंचीची, घरची भाषा कानडी. त्या गाण्यात ती समोरच्या गिऱ्हाइकाप्रमाणे भाषा बदलते, त्याबरोबर मानेचा झोक आणि हाताची लकबही बदलते. बोलपट येऊन आठच वर्षं झाली होती. शेवटी मामाचा खून करून मैना पोलिसांच्या हाती येते. तिच्यावर जीव जडलेला गणपत हवालदार तिला पळून जा म्हणतो, ती जात नाही. त्या वेळचा तिचा चेहरा मी कितीदा तरी थांबवून पाहिला आहे. मराठी पडद्यावर इतका खरा नकार मला दुसरा आठवत नाही.

पुढे त्यांच्या वाट्याला वृद्धाश्रम आला. हे आपल्याला माहीत आहे, कारण १९९२ मध्ये जाण्याआधी त्यांनी आत्मचरित्र लिहिलं आणि त्या गाण्याचीच ओळ त्याला नाव म्हणून दिली. लिहिलं नसतं तर?

आमच्या वाड्यात एक आजी होत्या. तरुणपणी पुण्यातल्या एका स्टुडिओत कपडेपटात होत्या, गर्दीच्या प्रसंगांत उभ्याही राहायच्या. नऊवारीवरचा मातीचा डाग पडद्यावर काळाच दिसतो, म्हणून मुद्दाम कोणता रंग वापरायचा, हे त्या सांगायच्या. कोणता, ते आता मला आठवत नाही. ‘एकदा सगळं रेकॉर्ड करून घेऊ’ असं मी वर्षभर म्हणत राहिले. दोन पावसाळ्यांपूर्वी त्या गेल्या. ही रुखरुख मला सुटत नाही.

माझी मागणी एवढीच आहे: जुन्या स्त्री कलावंतांच्या आणि पडद्यामागे राबलेल्या बायकांच्या मुलाखती शासनाने ध्वनिमुद्रित करून घ्याव्यात. नावं शोधत फिरायलाही नको. ज्येष्ठ कलावंतांच्या मानधन योजनेच्या याद्या प्रत्येक जिल्ह्यात तयार आहेत. मानधन मिळवण्यासाठी या बायका कामाचे पुरावे गोळा करून अर्जाला जोडतात. जुनी कात्रणं, फोटो, दाखले फाइलीत जातात आणि तिथेच राहतात. अर्ज घेतानाच तासभर त्यांच्यासमोर बसून ऐकणारा माणूस आणि एक रेकॉर्डर, एवढाच खर्च. हुबळीकरांसारखं लिहिणं प्रत्येकीला जमेल असं नाही. बोलणं मात्र जमेल. ही ध्वनिमुद्रणं पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात ठेवावीत आणि कुणालाही ऐकता यावीत.

यादीतल्या नव्वदीपुढच्या बायकांपासून सुरुवात करा, साहेब. त्यासाठी पुढच्या अर्थसंकल्पापर्यंत थांबू नका.

आपली,
एक प्रेक्षक, पुणे