बाबा, मिठाचा हिशेब

पुणे, 3 ऑगस्ट

ती. आई-बाबांना सा. नमस्कार.

बाबा, परवा फोनवर तुम्ही म्हणालात, "ज्या सरकारचं मीठ तेहतीस वर्षं खाल्लं, त्याला कोर्टात कसं खेचायचं?" मी गप्प बसले. फोनवर आपला वाद झाला की आवाज चढतात आणि आईला रात्रभर झोप लागत नाही. म्हणून लिहितेय.

तुमच्या उपदानातून, म्हणजे ग्रॅच्युइटीतून, 2,86,400 रुपये कापले. का, तर 2009 साली सहाव्या वेतन आयोगाची वेतननिश्चिती चुकली होती, आणि ते वेतन पडताळणी पथकाला कळलं तुमच्या निवृत्तीच्या तोंडावर. ती निश्चिती तुम्ही केली नव्हती. सेवापुस्तकातली नोंद दुसऱ्याच्या अक्षरातली, खाली सही साहेबांची. तुम्ही काही लपवलं नाही. आला तो पगार घरात लागला, माझ्या फीमध्ये गेला.

अशा वसुलीवर सर्वोच्च न्यायालयाचा 18 डिसेंबर 2014 चा रफिक मसीह प्रकरणातला निकाल आहे. कर्मचारी वर्ग तीन किंवा चारचा असेल, निवृत्त झालेला किंवा वर्षभरात होणारा असेल, किंवा जादा रक्कम पाच वर्षांहून अधिक काळ दिली गेली असेल, तर वसुली करता येत नाही. यातलं एक लागू झालं तरी पुरतं. तुम्हाला तिन्ही लागू आहेत.

एकच काळजी आहे. निश्चितीच्या वेळी 'जादा रक्कम निघाल्यास परत करीन' असं हमीपत्र लिहून दिलं होतं का? 2016 च्या जगदेव सिंग प्रकरणात त्याच कागदामुळे वसुली कायम राहिली. ते न्यायिक अधिकारी होते, तुम्ही वरिष्ठ लिपिक. हा फरक वकील मांडतीलच. पण तसा कागद असेल तर तो आधी आपल्याला माहीत हवा.

आणि मिठाचं म्हणाल, तर दर 17 डिसेंबरला तुम्ही पेन्शनर्स दिनाच्या कार्यक्रमाला जाता ना? तो दिवस 1982 च्या डी. एस. नकारा यांच्या खटल्यातल्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाचा. संरक्षण मंत्रालयातून निवृत्त झालेले अधिकारी सरकारविरुद्धच उभे राहिले होते. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या घटनापीठाने सांगितलं, पेन्शन ही मालकाच्या मर्जीची बक्षिसी नव्हे. 2013 मध्ये त्याच न्यायालयाने उपदानही कष्टाने कमावलेली मालमत्ता आहे असं म्हटलं. मीठ तुम्ही फुकट खाल्लेलं नाही, बाबा.

मला वाटतं, तुम्हाला लागलंय ते वेगळंच. आस्थापनेच्या टेबलावर बसून तुम्ही कितीतरी जणांची पेन्शन प्रकरणं वेळेत महालेखापालांकडे धाडलीत. आता लोक म्हणतील, ज्याने सगळ्यांची पुस्तकं तपासली त्याच्याच पुस्तकात चूक. आई म्हणाली, तुम्ही सकाळच्या कट्ट्यावर जाणंही सोडलंय. ही चूक तुमची नाही. मान खाली घालायचं काही कारण नाही.

वसुलीचा आदेश 14 नोव्हेंबरचा. मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जायला मुदत एक वर्षाची. म्हणजे दिवाळीची वाट बघत बसायचं नाही. मी शुक्रवारी रात्रीच्या गाडीने लातूरला येते. सेवापुस्तकाची प्रत, वसुलीचा आदेश आणि उपदानाचा मंजुरी आदेश काढून ठेवा. सोमवारी आपण दोघं संभाजीनगरला वकिलांकडे जाऊ.

आई, बाबांची ती हिरवी फाइल लोखंडी कपाटात वरच्या कप्प्यात आहे. त्यांनी नाही काढली तर तू काढ.

तुमची,
माई