दाखल-वह्या वाळवीला देऊ नका

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

मी पुण्यातल्या एका बालगृहात सव्वीस वर्षं समाजसेविका होते. दाखल-वही माझ्या हस्ताक्षरात असे. मंगळवारी आलेली मुलगी मंगल, वय ‘अंदाजे’. नाव आम्हीच ठेवायचो.

परवा भाचीने डीअ‍ॅन बोर्शे लिम या कोरियन-अमेरिकी दिग्दर्शिकेचा ‘फर्स्ट पर्सन प्लुरल’ (2000) हा स्वतःवरचाच माहितीपट दाखवला आणि ती वही डोळ्यांपुढे आली. डीअ‍ॅन 1966 मध्ये, आठ वर्षांची असताना, कोरियातल्या अनाथालयातून कॅलिफोर्नियात दत्तक गेली. कागदावर नाव चा जंग ही. ती होती कांग ओक जिन. खऱ्या चा जंग हीला वडील घरी घेऊन गेले होते. तिच्यासाठी दरमहा पैसे पाठवणारं अमेरिकेतलं कुटुंब तिला दत्तक घेणार होतं, म्हणून तिच्या नावावर ही पोर धाडली. इंग्रजी येऊ लागल्यावर तिने सांगितलं, मी ती नाही, मला आई आहे, भावंडं आहेत. दत्तक आईला वाटलं, स्वप्न पडलं असेल. फार प्रेमळ बाई होती ती, म्हणूनच ते ऐकवत नाही.

पुढे तिने दत्तक आईवडिलांना कोरियात नेऊन जन्मदात्या आईसमोर बसवलं. माहितीपटाच्या नावाचा अर्थ प्रथमपुरुषी अनेकवचन. आपल्या भाषेत त्याला दोन शब्द आहेत, ‘आम्ही’ आणि ‘आपण’. त्या खोलीत तिने कुणाला ‘आपण’ म्हणायचं?

2010 च्या आपल्या दुसऱ्या माहितीपटात डीअ‍ॅन खऱ्या चा जंग हीला शोधत फिरते. अमेरिकेहून त्या मुलीसाठी आलेले बूट हिच्या पायात घालून हिला पाठवलं होतं. ते तिला परत करायचे असतात. मार्च 2025 मध्ये कोरियाच्या सत्यशोधन आयोगाने परदेशी दत्तकविधानांत कागदपत्रांची फेरफार झाल्याचं मान्य केलं.

आमच्याकडे कुणी मुद्दाम खोटं लिहिलं नाही, एवढं मी छातीवर हात ठेवून सांगते. पण काही वर्षांपूर्वी स्वीडनहून चाळिशीची एक बाई आली. तिला 1979 चं पान हवं होतं. कपाट उघडलं तर निम्मी वही वाळवीने खाल्लेली. त्या वर्षीच्या एका तान्हीच्या हातातली मनगटी मला अजून आठवते, काळे-पांढरे मणी, एक फुटका. मी तसं नोंदवलंही होतं. पण ती तान्ही म्हणजे हीच, हे कशावरून सांगू? दुभाष्याला म्हटलं, काही सांगू नका. ती तासभर नुसती कपाटापाशी बसून होती.

सर्वोच्च न्यायालयाने लक्ष्मीकांत पांडे खटल्यात परदेशी दत्तकाचे नियम घालून दिले ते 1984 मध्ये. त्याआधीच्या नोंदी जिथे कपाटांत पडून असतील, तिथे महिला व बालविकास विभागाने यंदाच्या पावसाळ्याआधी त्या स्कॅन करून घ्याव्यात. जुनं अक्षर लागत नसेल तर मला बोलवा. माझ्या वह्या मी स्वतः येऊन वाचून देईन.

– एक निवृत्त समाजसेविका, पुणे