आम्ही म्हणजे कोण?

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

तू मराठीत विचारलेस तरी मुलगी आताशा शाळेच्या भाषेतच उत्तर देते आणि ‘आपण मूळचे कुठले?’ या प्रश्नावर गप्प बसते, हे तू काळजीने कळवले आहेस. तिच्या वयात, आपल्या मुलखाबाहेर वाढताना माझेही असेच झाले होते, म्हणून सविस्तर लिहितो.

मराठीत ‘आपण’ ऐकणाऱ्याला सामावून घेते आणि ‘आम्ही’ त्याला वगळते. एकदा शाळेतून आल्यावर मी आईला म्हणालो, ‘आम्ही असे करत नाही,’ तेव्हा हातातले काम थांबवून तिने विचारले, ‘आम्ही म्हणजे कोण?’ मला उत्तर देता आले नाही. गंमत अशी, की ‘तुमच्यात असे का करतात?’ असे वर्गातल्या मुलांनी विचारले, की मी तितक्याच ठसक्यात घरच्यांच्या वतीने ‘आम्ही’ म्हणत असे. निर्धास्तपणे ‘आपण’ म्हणावे, असे मात्र दोन्हीकडे कोणी नव्हते.

अमेरिकी समाजशास्त्रज्ञ रूथ हिल यूसीम यांनी १९५० च्या दशकात भारतात राहणाऱ्या अमेरिकी कुटुंबांचा अभ्यास केला आणि परक्या देशात वाढणाऱ्या अशा मुलांना ‘तिसऱ्या संस्कृतीची मुले’ म्हटले; एक संस्कृती आई-वडिलांची, दुसरी त्या देशाची आणि तिसरी या दोहोंच्या मधली. हे नाव मला अर्धेच पटते, कारण तिसरे असे वेगळे घर मला कधी सापडले नाही. सापडली ती माझ्यासारखीच अडखळणारी चार माणसे. मानसशास्त्रज्ञ जॉन बेरी यांचे म्हणणे मला अधिक जवळचे वाटते. नव्या समाजात मिसळून जाणे, अलग राहणे, दोन्ही संस्कृती धरून ठेवणे आणि दोन्हींपासून तुटणे असे चार मार्ग ते सांगतात. पण दोन्ही धरण्याचा मार्ग भोवतालच्या समाजाने वाव दिला तरच मोकळा होतो, हेही बजावतात. तेव्हा सगळा भार त्या पोरीवर टाकू नकोस.

पाहुण्यांपुढे तिला मराठी बोलून दाखवायलाही लावू नकोस. माझ्या उच्चारांवर नातेवाईक मायेनेच हसले होते, तरी त्यानंतर कितीतरी दिवस मी त्यांच्याशी नुसत्या मानेने बोलत होतो.

आणि ती कधी ‘आम्ही असे करत नाही’ म्हणाली, तर ‘मग तुम्ही कसे करता?’ एवढेच विचार. आईने त्या दिवशी तसे विचारले असते, तर मी संध्याकाळभर बोलत बसलो असतो.

तुझा,
बालमित्र