काळ उसवणाऱ्या आचार्येबद्दल

चि. छकुलीस,
अनेक आशीर्वाद. (सोळाव्या वर्षी छकुली म्हटलेलं आवडत नाही, माहीत आहे. पत्रात चालवून घे.)

तुझी गोष्टीची वही दोनदा वाचली. वाऱ्यावर हुकूमत असलेली, काळ विणणारी ती विदुषी मला आवडली. तिला नाव दिलं नाहीस, सगळे नुसतं ‘आचार्या’ म्हणतात आणि म्हणताना आवाज खाली आणतात, हे तर फारच जमलंय. पण पाचव्या प्रकरणात तिने तिसऱ्यांदा काळ मागे फिरवला, तेव्हा मी वही मिटली आणि भांडी घासायला उठले. म्हटलं, आता कोणी मेलं काय नि कड्यावरून पडलं काय, बाई आहेतच निस्तरायला. भीतीच गेली ना गं!

तू चार वर्षांची असताना मी तुला लाल स्वेटर विणला होता. डाव्या बाहीवरच्या वेलीत एका ओळीत चूक झाली आणि ती दिसली वीस ओळी वर गेल्यावर. आता विणकामात मधलीच एक ओळ काढून घेता येत नाही. वरच्या वीस चांगल्या ओळी आधी उसवाव्या लागतात. त्यातल्या चार मी तुझा ताप उतरायची वाट बघत रात्री विणल्या होत्या. त्याही गेल्या. आणि उसवलेली लोकर सरळ नसते, नागमोडी होऊन बसते. कुठे टाका होता ते तिच्या अंगातून जात नाही. ओली करून, वजन बांधून टांगली की होते सरळ, पण मला कुठला धीर! तशीच पुन्हा विणली.

आचार्येला हाच नियम लाव की. नावाड्याचा पोर बुडाला, त्याला परत आणायला तिला सात दिवस उसवायचेत. त्या सात दिवसांत गावात कोणाला मूल झालं असेल, दोन भावांचा जुना अबोला सुटला असेल. ते सगळं जाईल. शिवाय पुन्हा विणलेले दिवस वाकडेतिकडे येतील, माणसं बोलता बोलता अडखळतील, कारण नसताना डोळ्यांत पाणी येईल. मग ती हात उचलेल तेव्हा वाचणाऱ्याच्याच पोटात गोळा येईल.

काळ विणण्याची कल्पना जुनी आहे, त्यात लाजण्यासारखं काही नाही. महाभारताच्या आदिपर्वात उत्तंकाची गोष्ट आहे. गुरुपत्नीसाठी आणलेली कुंडलं तक्षक नाग पळवतो आणि उत्तंक त्याच्यामागे नागलोकात जातो. तिथे दोन स्त्रिया मागावर काळ्या-पांढऱ्या धाग्यांचं कापड विणत बसलेल्या असतात आणि सहा मुलं बारा आऱ्यांचं चाक फिरवत असतात. त्या दोघी म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, सहा मुलं म्हणजे ऋतू, चाक म्हणजे वर्ष. तिथे एक घोडाही असतो. उत्तंक त्याला फुंकर घालतो (कुठून घालतो ते मूळातच वाच, मी पत्रात लिहिणार नाही), तसा घोड्याच्या अंगातून धूर आणि ज्वाळा निघतात, नागलोक कोंदतो आणि तक्षक मुकाट्याने कुंडलं आणून देतो. वारा आणि काळ एकाच प्रसंगात! तिकडे गुरुपत्नी न्हाऊन केस विंचरत बसलेली, हा आला नाही म्हणून शाप द्यायच्या बेतात. एवढी घाई असूनही उत्तंक त्या विणणाऱ्या बायकांना ‘जरा दोन ओळी उसवा’ म्हणत नाही. तो घोड्यावर बसून वेळेत पोचतो, बस्स.

वाऱ्याचं प्रकरण मात्र मला पटलेलं नाही. हात हलवला की वादळ? हवा हलकी नसते गं. ४ मीटर लांब, ३ रुंद आणि ३ उंच अशा खोलीतली हवा ४० किलोच्या वर भरते. वेग दुप्पट केला, तर वाऱ्यातून दर सेकंदाला येणारी ऊर्जा आठपट होते. वारा वाहतो तो जास्त दाबाकडून कमी दाबाकडे. म्हणजे तो बोलवायचा तर आधी कुठेतरी हवा तापवून वर न्यायला हवी. ती कुठे तापवते? तिथल्या लोकांचं काय होतं? शिवाय तुझं जग स्वतःभोवती फिरतं का, तेही ठरव. फिरत असेल तर लांबून मागवलेला वारा नाकासमोर येणार नाही, वळत येईल. आपल्या उत्तर गोलार्धात तो उजवीकडे वळतो. आचार्या हा हिशेब आधीच करून थोडं बाजूला नेम धरेल, तिचा नवशिका शिष्य सरळ नेम धरेल आणि भलत्याच गावाची छपरं उडवेल. विद्वत्ता अशी दिसू दे. आत्ता तू नुसतं ‘ती महान विदुषी होती’ म्हणतेस, पण पूर्ण वहीत ती एकदाही काही मोजताना, लिहिताना, चुकताना दिसत नाही.

फ्रान्सिस बोफर्ट नावाच्या ब्रिटिश नौदल अधिकाऱ्याने १८०५ साली वाऱ्याच्या जोराच्या पायऱ्या पाडल्या. वारा जहाजाच्या शिडांचं काय करतो, ते बघून तो पायरी ठरवायचा. पुढे जमिनीसाठीही तशा खुणा आल्या: पहिल्या पायरीला धूर कलतो, दुसरीला गालाला कळतं आणि पानं सळसळतात. आचार्येच्या वहीतही अशा तिच्या स्वतःच्या खुणा हव्यात.

आणि तिचे ते रुपेरी केस, झळाळता झगा! छांदोग्य उपनिषदातला रैक्व बघ. अग्नी विझतो, सूर्य मावळतो, पाणी आटतं, ते सगळं वाऱ्यात जातं, ही विद्या त्याची. राजा जानश्रुतीचा सेवक त्याला शोधत आला तेव्हा तो गाड्याखाली बसून खरूज खाजवत होता. राजाने ६०० गाई देऊ केल्या, त्या त्याने परत पाठवल्या. मला तर तो गाडा आणि ती खाज वाचूनच त्याचं ज्ञान खरं वाटलं.

समासात पेन्सिलीने खुणा केल्यात, पटतील त्या घे. नावाड्याच्या पोरासाठी मी दोन्ही वेळा रडले, म्हणून त्याचं काय करायचं ते मी सांगणार नाही. सहावं प्रकरण झालं की पाठव.

तुझी,
आई

ता. क. स्वेटर तुझ्या कपाटात खालच्या कप्प्यात आहे. डाव्या बाहीवर बोट फिरवून बघ, वीस ओळी लगेच लागतील हाताला.