कामगारमंत्री एजेविट कुठे गेले?

महोदय,

पत्रकारितेतून सत्तेत गेलेल्यांवरचा कालचा लेख वाचला. तुर्कस्तानच्या बुलेंत एजेविट यांना लेखकाने चार ओळींत निकालात काढले आहे. १९४१चा 'गीतांजली'चा तुर्की अनुवाद, 'उलुस' दैनिकातली नोकरी, १९७४ला सायप्रसवर पाठवलेले सैन्य, २००१ची आर्थिक घसरण. आणि वर हा शेरा की खुर्ची मिळाली की पत्रकाराची लेखणी संपते. मग १९६१ ते १९६५ची वर्षे गेली कुठे? तेव्हा ते कामगारमंत्री होते, आणि माझ्या मते त्यांच्या हातून त्याहून मोठे काम पुढे पंतप्रधान होऊनही झाले नाही.

तिथे १९३६पासून संपावर बंदी होती. १९६१च्या राज्यघटनेने हक्क मान्य केला, पण कायदा होईना. म्हणून त्या वर्षीच्या ३१ डिसेंबरला इस्तंबूलमध्ये कामगारांचा अफाट मेळावा भरला. जानेवारी १९६३मध्ये कावेल या केबल कारखान्यातल्या कामगारांनी कायद्याची वाट न पाहता काम थांबवले. जुलैमध्ये संपाचा आणि सामुदायिक वाटाघाटींचा कायदा आला, तेव्हा आधीच्या संपकऱ्यांना शिक्षेतून सोडवणारे कलमही त्यात होते. तिकडे त्याला कावेल कलमच म्हणतात. कायदा निर्दोष नव्हता. मालकांना टाळेबंदीची मुभा होती आणि संप पुढे ढकलण्याचा अधिकार सरकारने स्वतःकडे ठेवला होता. तरीही जो गुन्हा होता तो हक्क झाला.

हे मला लागते, कारण माझे वडील परळच्या एका गिरणीत साचेखात्यात होते. १८ जानेवारी १९८२ला अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले, त्यांत तेही होते. १९४६च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्यामुळे बोलणी करायचा हक्क एकाच मान्यताप्राप्त युनियनला, आणि ती वडिलांना नको होती. ज्या नेत्यामागे सगळी गिरणी उभी होती, त्याच्याशी कायद्याने कुणी बोलायलाच तयार नव्हते. संप बेकायदा ठरला. वडिलांना पुन्हा कामावर घेतले नाही, आणि आई घरोघरी पोळ्या लाटायला जाऊ लागली. कामगारमंत्री कसा आहे याने घरात चूल पेटते की नाही ते ठरते, हे आम्ही भोगले आहे. लेखकाला ती चार वर्षे गाळण्याजोगी वाटली, याचे म्हणूनच वाईट वाटते.

लेखणी संपली म्हणावे तर १९८०च्या लष्करी उठावानंतर पक्षाध्यक्षपद सोडून या माणसाने १९८१मध्ये 'आरायिश' हे साप्ताहिक काढले. परदेशी पत्रकारांशी बोलल्याबद्दल तुरुंगात गेले, साप्ताहिक लष्कराने बंद पाडले. शेवटच्या पंतप्रधानपदाच्या काळातली टीका मला मान्य आहे. २००२मध्ये त्यांच्या पक्षाला सव्वा टक्काच मते पडली, मतदारांनी हिशेब चुकता केला. पण तेवढ्यावरून सगळा माणूस मोजू नये.

आणखी एक. पूर्वी आपल्याकडे परदेशी घडामोडींना रोज अर्धे पान असे. आता आठवड्यातून एकदा येते, तेही जाहिरात कमी पडली तर. असे लेख घाईत चार ओळींत आटपावे लागतात ते त्यामुळेच. ते पान परत सुरू करा, आणि त्या १९६३च्या कायद्यावर कुणाकडून तरी नीट लिहून घ्या.

— एक जुनी वाचक, लालबाग, मुंबई