सुरतेची ‘फॅक्टरी’ कारखाना नव्हती

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आमच्या शेजारची सातवीतली मुलगी मागच्या आठवड्यात इतिहासाचा प्रकल्प घेऊन माझ्याकडे आली. ‘इंग्रजांनी १६१३ साली सुरतेत कारखाना काढला’ असे तिने एका इंग्रजी पुस्तकावरून मराठीत उतरवले होते आणि त्या कारखान्यात काय तयार होत असे, एवढेच तिला विचारायचे होते. प्रश्न रास्त होता. पण तेथे तयार काहीच होत नसे. ‘फॅक्टर’ म्हणजे व्यापारी कंपनीचा अडत्या; तो जेथे राहून कापड आणि नीळ खरेदी करी व जहाज सुटेपर्यंत माल साठवून ठेवी, ती त्याची ‘फॅक्टरी’. मराठीत तिला वखार म्हणतात. १६६४ मध्ये शिवाजी महाराज सुरतेवर चालून गेले तेव्हा इंग्रजांनी आपली वखार राखली, हे आमच्या पिढीने शाळेत पाठ केले होते. तेव्हा इंग्रजी शब्दाचा जुना अर्थ सांगायला मराठी शब्दच पुरेसा होता.

लहान मुलीची चूक क्षम्य आहे. परंतु जुने इंग्रजी कागद मराठीत आणणारी जाणती माणसेही अशाच ठिकाणी घसरतात. कंपनीने देशी संस्थानिकांशी केलेल्या तहांत, तिच्या संमतीवाचून दरबाराने कोणा युरोपियनास ‘एंटरटेन’ करू नये, अशा आशयाचे कलम आढळते. त्याचा ‘मनोरंजन करू नये’ असा अनुवाद मी एका लेखात वाचला आणि कंपनी सरकारला नाचगाण्याचा इतका तिटकारा कधीपासून, असा प्रश्न पडला. येथे त्या शब्दाचा अर्थ ‘पदरी बाळगणे’ असा आहे. शिंद्यांच्या पदरी पेराँसारखे फ्रेंच सेनानी होते आणि तसे लोक पुन्हा कोणत्याही दरबारी असू नयेत, ही कंपनीची खरी चिंता होती. अर्थ चुकला की कलमामागचे सारे राजकारणच वाचकाच्या नजरेआड होते.

असे जुने अर्थ केवळ दप्तरखान्यात पडून आहेत, असेही नाही. बडोद्यात घरटी एक तरी पासपोर्ट निघेल. त्याच्या आरंभी राष्ट्रपतींच्या नावे केलेल्या विनंतीत, धारकास ‘विदाउट लेट ऑर हिंड्रन्स’ जाऊ द्यावे, असे छापलेले असते. आजच्या बोलण्यात ‘लेट’ म्हणजे करू देणे. येथे मात्र नेमके उलट, अटकाव. हे मुळात दोन वेगळे शब्द असून उच्चाराने एक झाले आहेत. अटकावाचा ‘लेट’ हा, आपण ‘गाडी लेट आहे’ म्हणतो, त्या शब्दाचा सख्खा नातेवाईक आहे, ही त्यातली गंमत. टेनिसमध्ये सर्व्हिसचा चेंडू जाळीला लागून योग्य चौकोनात पडला की पंच ‘लेट’ पुकारतात, तोही हाच.

अर्थ सरकणे हा इंग्रजीचाच गुण आहे, असे मात्र कोणी समजू नये. ‘डिअर’ म्हणजे पूर्वी कोणतेही जनावर, पुढे केवळ हरिण. आपल्या ‘मृग’ शब्दाचीही तीच वाट झाली. म्हणून तर सिंह हा हरिणांचा नव्हे, सर्व पशूंचा राजा असून मृगेंद्र म्हणवतो.

ज्या शहरात सयाजीराव महाराजांच्या कारकिर्दीत, १९३१ साली, राज्यकारभारातील एकेका इंग्रजी शब्दासाठी अनेक भाषांतले प्रतिशब्द तोलून ‘श्रीसयाजीशासनशब्दकल्पतरु’ सिद्ध झाला, तेथील वाचकाने थोडा आग्रह धरला तर तो अनाठायी ठरू नये. आपल्या पुरवणीत जुन्या इंग्रजी पत्रांचे अथवा तहनाम्यांचे अनुवाद येतात, तेव्हा मूळ कागदाचे साल अवश्य छापावे आणि जेथे शब्द संशयास्पद वाटेल तेथे मूळ इंग्रजी शब्दही देवनागरीत द्यावा, एवढी विनंती आहे.

आपला,
एक जुना वाचक
दांडिया बाजार, बडोदे