काचेवरचा लाल रंग

लातूर, ५ सप्टेंबर

सलीम,

तीन महिने तुझा फोन उचलला नाही. शिव्या घातल्या असशीलच, अजून थोड्या शिल्लक ठेव. तब्येत ठीक, शुगर आहे तिथंच आहे.

माडीवर पाणी गळालं म्हणून आजोबांच्या स्टुडिओची पत्र्याची पेटी उघडावी लागली. काचेच्या निगेटिव्ह एकमेकींना चिकटून वाया गेल्यात. एकच धड निघाली. वाड्याच्या पायऱ्या, सात माणसं. सातव्याच्या तोंडावर लाल रंग फासलाय. छापलं की तिथं नुसता पांढरा डाग. खाली शेरवानी, हातात काठी. काठीची मूठ बदकाची. मी मटकन बसलोच. त्याच काठीनं आपण बोरं पाडायचो अन् तुझ्या दादीनं मला बडवलं होतं. (फांदी तू मोडली होतीस, लेका.)

पाकिटावर आजोबांचं अक्षर: पोळा, १९४८. म्हणजे निजामाच्या राज्यात भारताच्या फौजा यायच्या दहाएक दिवस आधी. १३ सप्टेंबरला फौजा शिरल्या, १७ ला निजामानं हात टेकले. आपलं पुस्तक तिथंच संपायचं. दहावीच्या निबंधात मी 'मुक्तिसंग्राम' लिहिलं, तू 'पोलीस ॲक्शन' म्हणालास अन् आठवडाभर आपण बोललो नाही. पुढचं, म्हणजे फौजा आल्यावर मुसलमानांवर जे गुदरलं ते, दिल्लीनं पाठवलेल्या सुंदरलाल समितीनं लिहिलं: २७ ते ४० हजार माणसं गेली असावीत, अन् सगळ्यांत होरपळलेल्या चार जिल्ह्यांत आपला उस्मानाबाद (लातूर तेव्हा त्यातच). तो अहवाल कित्येक वर्षं दाबून ठेवला होता. दादांची काठी घरी आली, दादा आले नाहीत, एवढंच आपल्याला ठाऊक.

मग आजोबांनी तोंड रंगवलं कशाला? रझाकारांचा म्होरक्या कासीम रझवी इथलाच वकील. त्याच्या गावातलं शेरवानीवालं तोंड, कुणीही 'हाच तो' म्हणून बोट दाखवलं असतं. दोस्ताला वाचवायला रंगवलं असेल. नाहीतर अशा माणसाशेजारी आपण उभे होतो याचीच त्यांना भीती वाटली असेल. पहिलं खरं मानावंसं वाटतं, पण मी नातू आहे, मला तसंच वाटणार.

१७ तारखेच्या प्रदर्शनाला शाळेला हा फोटो हवाय. गुरुजी म्हणाले, "डाग कापून टाका, सहा पुरेत." मी नाही म्हटलं, कारण सांगता येईना.

शबानाचं लग्न कधी ठरतंय? गुडघा एकदाचा दाखव.

रंग काचेच्या मागच्या अंगाला आहे. ओल्या कापसानं निघेल. तीनदा कापूस भिजवला, तीनदा तसाच वाळला. तुमच्या घरात दादांचा एकही फोटो नाही, तूच म्हणाला होतास. १७ च्या आत ये. कापूस तू धर.

तुझा,
दिग्या